कढई घातलेला बातमीदार

भावाचं लग्न तोंडावर आलं तेव्हा टीव्हीवर लढाई सुरूही झाली होती. सीमेवर अजून काहीच नव्हतं. स्टुडिओत मात्र रणगाडे फिरत होते, भोंगे वाजत होते आणि कोट घातलेला माणूस घसा फोडून शत्रूला दम देत होता.

माझा धाकटा भाऊ फौजेत. लग्नासाठी त्याची सुट्टी मंजूर झाली होती, शिंदखेड्याला आमच्या दारात मांडवाचे बांबू येऊन पडले होते. त्या आरडाओरड्यानं माझं डोकं उठायचं. म्हणून संध्याकाळी मी आईला एक विनोदी कार्यक्रम लावून द्यायचो. त्यात एक जण या बातमीदारांचीच नक्कल करायचा. डोक्यावर कढई घालून ‘थेट सीमेवरून’ बोलायचा, मागे पडद्यावर म्हशी. आई तोंडाला पदर लावून हसायची. तेवढा वेळ तरी तिचं लक्ष फोनकडे नसायचं.

एकदा कढईवाला म्हणाला, “सगळ्या जवानांच्या सुट्ट्या रद्द. नवरदेवांनी मुंडावळ्या हेल्मेटला बांधाव्यात.” आम्ही पोट धरून हसलो. सकाळी जामनेरहून मुलीच्या वडिलांचा फोन. तो तुकडा मोबाइलवर फिरत त्यांच्यापर्यंत पोचला होता आणि त्यांनी आचाऱ्याला येऊ नको म्हणून सांगूनही टाकलं होतं.

“आबा, तो नकलाकार आहे,” मी म्हणालो.

“मग बातम्या का देतोय?”

“डोक्यावरची कढई दिसली नाही का तुम्हाला?”

“बाकीचे तरी कुठे शहाण्यासारखे बसतात?”

कप्पाळ! शेवटी भावाशीच त्यांचं बोलणं करून दिलं. सुट्टी आहे, निघतोय, असं तो स्वतः म्हणाला तेव्हा कुठे आबा शांत झाले. आचाऱ्याला परत बोलावलं. वर मलाच ऐकवलं, असले थिल्लर कार्यक्रम घरात लावत जाऊ नका.

हळदीच्या आदल्या दिवशी भावाचा फोन आला. खरोखरच सुट्टी रद्द झाली होती, तो अर्ध्या रस्त्यातून परत फिरला होता. त्याचा आवाज इतका शांत होता की मला त्याचाच राग आला. “आईला तूच सांग,” म्हणाला.

आई हळद चाळत बसली होती. मी सांगितलं. ती माझ्याकडे बघून हसली, त्या कढईवाल्याला हसायची तशीच.

“हाई बी गंमतच शे ना?”

ही गंमत नाही, मी म्हणालो. तरी तिचं हसू थांबेना. मग मी ओरडलो, रद्द झाली, आई, खरंच रद्द झाली. अगदी त्या कोटवाल्याच्या आवाजात.