लुसियाबाई आणि माझा जळफळाट

ओठ ब्राझीलचे आणि शब्द बदलापूरचे, असं काम असलं की किस्से साचवावे लागत नाहीत. आपोआप साचतात!

उल्हासनगरात एका कापडाच्या दुकानावर वासूशेठांचा डबिंग स्टुडिओ आहे. तिथे येणाऱ्या ब्राझिलियन सीरियलचे मराठी संवाद आम्ही दोघी लिहितो. बदलापूरहून मी, अंबरनाथहून शीतल. मूळ लेखिका लुसिया. आता तिची नवी सीरियल येतेय आणि या वेळी मराठी लेखिका एकच. निवड लुसियाबाई स्वतः व्हिडिओ कॉलवर करणार! शीतलला घरी कुणाचं काही बघायचं नसतं. मला आठ महिन्यांची ओवी. म्हणजे मी आधीपासूनच जळतेय.

लुसियाचा परिचय मेलवर आला. शिंप्याची मुलगी, आधी शाळेत बाई, मग रेडिओवर नाटुकली, मग टीव्ही. पहिली सीरियल म्हणे बाळ मांडीवर घेऊन लिहिली!

“अगदी तुझ्यासारखीच गं!” शीतल म्हणाली.

अगदी. मी ओवीला मांडीवर घेऊन लिहिलं, तेव्हा तिने कीबोर्डवर थाप मारली आणि हीरोच्या संवादात ‘तततततत’ शिरलं. वासूशेठ म्हणाले, “ये हकला कब से हो गया?”

एका सीनमध्ये नायिका नवऱ्याच्या शवपेटीवर पडून ‘रॉबेर्तो!’ असा टाहो फोडते. आपल्याकडची बायको नाव कशी घेईल, म्हणून मी ‘अहो!’ लिहिलं. ते छोटं पडलं, बाईचे ओठ हलतच राहिले. मग ओठ भरायला लिहिलं, ‘अहो, ऐकलंत का!’

वासूशेठनी सीन थांबवला. “बेटा, वो मर गया है!”

शीतलने माझी ओळ खोडून ‘जाऊ नका!’ लिहिलं. ओठांत फिट्ट! ऐकून रेकॉर्डिस्ट रडला. मीही रडले, कारण वेगळं.

लुसियाला म्हणे रोज सकाळी समुद्रावर फिरताना गोष्टी सुचतात. मीही ओवीला बाबागाडीत घालून उल्हास नदीवर गेले. मलाही सुचलं! गॅसवर दूध आहे. धावत घरी.

शीतलचा कॉल आधी झाला. तासभर! “किती गोड आहे गं ती! आम्ही खलनायिकेवरच बोलत बसलो.” मी “वा!” म्हटलं. त्या दिवशी घरी भांडी जरा जोरातच घासली गेली.

माझ्या कॉलला मी चार मुद्दे लिहून बसले. पोर्तुगीज येणाऱ्या एक बाई दुभाषी होत्या. पहिल्याच मुद्द्याला ओवीने भोकाड पसरलं. सासूबाई तिला थोपटत नेमक्या कॅमेऱ्यात आल्या आणि ओवी दोन मिनिटांत गप्प. लुसिया मला सोडून त्यांच्याकडेच बघत राहिली. मग काहीतरी म्हणाली.

“मॅडम विचारतायत, या रोज सांभाळतात?” दुभाषी बाईंनी सांगितलं. “मॅडमच्या बाळाच्या वेळी असं कुणीच नव्हतं. या ब्राझीलला येतील का?”

मी तोंड उघडायच्या आत सासूबाई फोनवर वाकल्या.

“येते म्हणावं! पण आधी ती नवी सीरियल आमच्या सुनेला देते का, ते विचारा तिला!”

“आई, नको!” मी ओरडले. “मॅडम, प्लीज, हे सांगू नका त्यांना!”

दुभाषी बाई म्हणाल्या, “सांगून झालं.”