पहिली चढण

हे मी आजवर कुणालाच बोललेलो नाही. बायकोलाही नाही – आणि केलं ते तिच्याचसाठी.

तुम्ही कधी मासे चढताना पाहिलेत का? आम्ही लिंगायत, किराणा दुकानवाले. मासा आमच्या उंबऱ्याच्या आतही येत नाही. पण लातूर नवा जिल्हा झाला त्या साली – आधी दुष्काळानं पार कंबरडं मोडलेलं – वरच्या अंगाला कुठंतरी पाऊस कोसळला आणि आमच्या कोरड्या ओढ्याला पाणी आलं. ओढ्याखालच्या गावतळ्याच्या तळाशी उरलेले मासे त्या पाण्यातून धारेच्या उलटे वर निघाले! गाभोळीनं – अंड्यांनी – पोटं फुगलेली, वीतभर पाण्यात पाठी उघड्या. दगडावर आपटायचे, मागं पडायचे, की परत उडी. मी चपला हातात घेऊन काठानं वेड्यासारखा पळत होतो. काय सांगू – अंगावर काटा आला होता!

तळं मारुती भोयाकडं होतं. त्याचं घर त्यावरच चालायचं. पहिल्या चढणीला हात लावायचा नाही, अंडी घालू द्यायची, मग जाळं – हा त्याच्या घरचा नेम.

मी कुठं धरणार होतो? मला फक्त बायकोला, कमलला दाखवायचे होते. मासे एका डबक्यात शिरले तशी माझ्याजवळच्या दोन रिकाम्या पोत्यांत माती भरली, पुढची-मागची वाट बुजवली आणि घराकडं पळालो. तर दुकानापुढं ही गर्दी – जिल्हा झाल्याची बातमी आलेली. मीही गूळ वाटायला लागलो. मासे? ध्यानातच राहिले नाहीत.

सकाळी ओढा ओसरलेला, डबकं आटलेलं. सगळ्या माद्या मेलेल्या, अंड्यांसकट. पोती कुणीतरी उचलली होती.

गाव म्हणालं, भोयानंच अडवले. त्याच्याकडून तळं काढायचं ठरत होतं, तेव्हा भर पंचायतीत मारुती माझ्याकडं वळला.

"आप्पा, तुमी काठानं होतात. काय बघितलं ते सांगा की."

"मला काय ठाव?" मी म्हणालो. "आपण त्यातलं खात न्हाई."

लोक हसले. माझ्यावर कोण संशय घेणार होतं?

तळं गेलं. मारुती बायकापोरं घेऊन नांदेडकडं निघाला. जाताना दुकानाशी थांबला, धुऊन घडी घातलेली दोन पोती फळीवर ठेवली. माझ्या दुकानाचा निळा शिक्का वरच होता.

"तुमची हायत, आप्पा," एवढंच म्हणाला.

कमलनं आतून विचारलं, कसली पोती?

मी म्हणालो, मारुतीनं नेली होती.