साहेब इथे असता तर

पार्किंगमध्ये स्वतःची गाडी शोधतानाही सर कपाळावर हात आडवा धरायचे. आखातातल्या जबल अली बंदरातलं आमचं ऑफिस, समोर गोदामं, कंटेनरच्या रांगा, आणि हा पन्नाशी उलटलेला लॉजिस्टिक्स मॅनेजर डोळे बारीक करून क्षितिज न्याहाळतोय. गाडी वीस पावलांवर. पांढरी. रोजच्याच जागी.

ती ऐट त्यांची स्वतःची नव्हतीच. व्हिक्टोरिया राणीच्या काळात अरबस्तानात उंटावरून हिंडलेल्या एका इंग्रजाची ती ऐट. त्याच्या प्रवासवर्णनाच्या पहिल्याच पानावर तसं चित्र आहे. सर त्याला नुसतं 'साहेब' म्हणत आणि दुनियेतला कुठलाही प्रश्न त्याच्यापुढे ठेवत. कंटेनर कस्टम्समध्ये अडकला? "साहेब इथे असता तर काय केलं असतं?" लिफ्ट बंद पडली? "साहेब इथे असता तर?"

"कुणाच्या तरी पाठीवर बसून वर गेला असता," मी एकदा म्हणाले.

"कॉम्रेड, तुला मोठी माणसं बघवतच नाहीत."

मला ते कॉम्रेड म्हणायचे. मी पुण्यात पत्रकं लिहीत, वाटत, भिंतींवर चिकटवत मोठी झालेली. इथे डॉक्युमेंटेशनला लागले. एक दिवस त्यांनी ते पुस्तक माझ्या टेबलावर आणून आपटलं. "वाच. निषेध कमी होतील."

वाचलं. निषेध वाढले. साहेबाच्या तिन्ही उंटांना नावं आहेत. एका सांडणीच्या स्वभावावर दीड पान खर्ची घातलंय. वाटाड्याला नाव नाही. वाट चुकली की 'मूर्ख वाटाड्या', विहीर सापडली की 'मी'. एका ठिकाणी तर त्याला भर वाळवंटात हाकलून देतो आणि पुढच्याच ओळीत सूर्यास्ताचं वर्णन सुरू! त्या ओळीशेजारी समासात पेन्सिलीने मराठीत लिहिलं होतं : 'आणि वाटाड्या? तो परत कसा गेला?'

पुस्तकाच्या आत सरांची जुनी सही होती, खाली 'देरा', ही इथली जुनी, दाटीची वस्ती. म्हणजे एका खोलीत आठ जण आणि त्यातली एक खाट, त्या दिवसांतली. खाटेवर पालथा पडून पेन्सिल चावणारा तो पोरगा मला आवडून गेला. क्षणभरच.

जानेवारीत इथल्या मराठी मंडळाची वाळवंटात सहल निघाली. सरांनी ऑफिसची गाडी आणि ऑफिसचा ड्रायव्हर घेतला. ड्रायव्हर म्हणजे पास्कल काका, वसईचे; बावीस वर्षं इथे गाडी चालवत होते. सर पुढे, मांडीवर पुस्तक. मागे मी आणि सरांची बायको.

"सर, डावीकडे नको. खाली वाळू मऊ आहे."

"पास्कल, साहेब इथे असता तर डावीकडेच गेला असता."

"त्यांच्याकडे उंट होता, सर."

"यल्ला, घे डावीकडे!"

घेतली. गाडी उतारावर तिरकी झाली आणि दमलेल्या म्हशीसारखी सावकाश कुशीवर आडवी झाली. खरचटण्यापलीकडे कुणाला काही झालं नाही. काकांनी आम्हाला एकेक करून बाहेर ओढलं, पाणी आमच्याजवळ ठेवलं आणि मदत आणायला रस्त्याकडे चालत गेले. सर टेकाडावर उभे राहिले. हात कपाळावर. तासाभराने काकाच आले, कुणाची तरी जीप घेऊन.

सोमवारी ऑफिसने लेखी खुलासा मागितला. सरांनी लिहिलं, 'ड्रायव्हरचा निष्काळजीपणा.' दोन शब्द. इथे तेवढे पुरतात. नोकरी गेली की व्हिसा गेला, व्हिसा गेला की माणूस गेला. काकांची धाकटी मुलगी तेव्हा नर्सिंगच्या दुसऱ्या वर्षाला होती. मीही माझा खुलासा दिला. पण मॅनेजरच्या सहीपुढे डॉक्युमेंटेशनच्या मुलीचा कागद कोण वाचतो?

म्हणून मी अल बर्शाला सरांच्या घरी गेले. हातात ते पुस्तक आणि टाइप केलेला एकच कागद : 'वळण मी सांगितलं होतं.' सही तेवढी हवी होती.

सर मंडळाच्या अंकासाठी सहलीचं प्रवासवर्णन लिहीत बसले होते. उत्साहाने वाचूनच दाखवलं. त्यात वारा होता, तारे होते (आम्ही सहाच्या आत घरी होतो!) आणि 'आमचा वाटाड्या गोंधळला' होता.

मी पुस्तकातलं ते समासाचं पान उघडून समोर धरलं. "सर, हे कुणी विचारलंय?"

त्यांनी चष्मा चढवला. त्यांची बायको स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभी राहिली.

"हे माझं अक्षर नाही."

"अहो," बायको म्हणाली. एवढंच.

"जुनं पुस्तक आहे. कुणीही लिहिलं असेल. आणि कॉम्रेड, माझ्या रिटायरमेंटला दोन वर्षं राहिलीत. तुला नाही कळायचं."

कळलं की! तुम्हीही असे सर बघितले असतील. पुस्तकातल्या माणसाने वाळवंट पार केलं म्हणून यांची छाती फुगते. आणि एका कागदावर सही करायची वेळ आली की यांना रिटायरमेंट आठवते.

पुस्तक मी त्यांच्याकडेच ठेवून आले. आठवड्याभरात काका गेले. एअरपोर्टवर मी आणि आणखी दोन ड्रायव्हर. "खलास, पोरी," काका म्हणाले. "सरांशी भांडू नको. त्यांना मऊ वाळू ओळखता येत नाही, दुसरं काय."

मी भांडले नाही. दोन वर्षं कामापुरतं बोलले. मग केक कापला गेला, भाषणात साहेब येऊन गेला, आणि सर पुण्याला गेले. दुसऱ्या दिवशी माझ्या टेबलावर ते पुस्तक होतं. चिठ्ठी नाही, काही नाही. मी थेट तेच पान काढलं. पेन्सिलीच्या ओळीखाली निळ्या शाईत, त्याच अक्षरात, डावीकडे कललेला तोच 'ग' : 'त्याचं नाव पास्कल. वसईला गेला. वळण मी सांगितलं होतं.'

समासात! कंपनीच्या कागदावर नाही, मंडळाच्या अंकात नाही. जिथे वाचायला मी एकटीच, तिथे. शाईने लिहिलं म्हणून त्याला धाडस म्हणायचं का? मी म्हणत नाही. म्हणूनच या लेखात मी सरांचं नाव घातलेलं नाही. साहेबाचंही नाही. त्याच्या उंटांचीसुद्धा नाहीत.

पानाचा फोटो काढून काकांना पाठवला. खरं सांगते, रागानेच पाठवला. दोन तासांनी उत्तर आलं :

"अक्षर ओळखलं. पुण्यात सरांची गाडी कोण चालवतं गं? 'डावीकडे नको' म्हणायला कुणी आहे ना?"