युहानी कट करत नाही

माझी चार वर्षांची ईरा एखाद-दुसऱ्या शब्दापुढे का जात नाही, या काळजीनं मी रात्र रात्र जागी असायचे. सकाळी डोळे चोळत एडिटिंग रूममध्ये शिरावं, तर युहानीचा नवा किस्सा तयार! अंधाऱ्या खोलीत दोन माणसं दिवसभर कोंडली की किस्से साठतातच.

*

युहानी माझा बॉस. फिनलंडमध्ये त्यानं उभी हयात सिनेमे एडिट केले. तिथलं काम आटलं म्हणून सिंगापुरात येऊन कॉन्डोच्या, म्हणजे पॉश फ्लॅट्सच्या, जाहिराती कापत बसला.

"तिकडे पडद्यावर माणसं मरायची," तो म्हणायचा, "इकडे सगळी स्विमिंग पूलमध्ये हसतात. जास्त वाईट काय, सांग!"

*

एका जाहिरातीत त्यानं म्हातारीचा गप्प चेहरा तसाच ठेवला. क्लायंट दचकून आपल्या सिंगापुरी इंग्रजीत म्हणाला, "साउंड स्पॉइल आह?"

"नाही. ती विचार करतेय."

"कसला?"

"तुमचा फ्लॅट घ्यावा का, याचा!"

ते काम गेलं.

*

फिनलंडमध्ये एका नटाचे सगळे संवाद यानं उडवले होते. प्रीमियरला नट समोर! आता थोबाडीत बसणार, असं याला वाटलं. नट म्हणाला, "माझं आजवरचं सगळ्यात चांगलं काम!"

"नंतर त्याला कुणी काम दिलं नाही," युहानी थंडपणे पुढे सांगायचा.

*

ईराच्या डॉक्टरबाईंनी घरचा व्हिडिओ मागितला. मी हँडीकॅमवर शूट केला आणि हाताच्या सवयीनं मधल्या रिकाम्या जागा आणि माझी बडबड काढूनच नेला. बाई म्हणाल्या, "पण ही तर लगेच उत्तर देते! प्रॉब्लेम काय आहे?"

माझ्यासारखी आई एखाद्या पोरीच्या वाट्याला येते, त्याला काय करणार?

*

युहानीनं मूळ टेप मागून घेतली. पडद्यावर मी विचारत होते, "ईरा, दूध हवं?" आणि लगेच मीच म्हणत होते, "हवं ना? देते हं!"

त्यानं चित्र थांबवलं. "बघ, तिचं तोंड उघडतंय. आणि तू बोलतेस."

"मी मदत करते तिला."

"तू कट करतेस."

*

शनिवारी आमच्या सेंगकांगच्या घरात ईरासमोर बसले. "खाली खेळायला जायचं?" विचारलं आणि तोंड मिटून घेतलं. खिडकीबाहेरून एलआरटी ट्रेन गेली. आणखी एक गेली. तिचे ओठ हलले, थांबले. मी हात मांडीखाली दाबून बसलेली. ती माझ्या चेहऱ्याकडे बघतच राहिली. मग म्हणाली,

"आई, यू अँग्री आह?"