राक्षसाला खोकला

चिचगडकडच्या आमच्या गावात दंडार या लोकनाट्यातला राक्षस म्हणजे उदारामच. दिवाळीनंतरच्या मंडईला, म्हणजे गावच्या जत्रेला, आजूबाजूची माणसं त्याचं हसणं ऐकायला यायची. तो एकदा हसायला लागला की ढोलकीवालाही हात थांबवून बसे.

गेल्या पावसाळ्यात त्याला खोकला लागला, म्हणून त्यानं बिडी सोडली. आणि तिच्या जागी नाल्याकाठची रानतंबाखू सुकवून, तेंदूच्या पानात गुंडाळून ओढायला लागला! रानातली वस्तू, ना खत ना फवारणी, तेव्हा खोकल्यावर औषधच, अशी त्याची पक्की समजूत. खोकला वाढला की औषधही वाढायचं.

मग दंडारीच्या तालमीत एकदा हसू मध्येच खोकल्यात अडकलं. उदाराम घामाघूम झाला, ओकला आणि आडवा पडला. पोरांनी टाळ्या वाजवल्या. त्यांना वाटलं, राक्षस मेला.

त्याची सून मोनाली उपकेंद्रात नर्स. तिनं धावत येऊन नाडी धरली.

"मामाजी, किती ओढल्या आज?"

"औषध होय ते. जंगलचं."

"धोतराबी जंगलचाच आहे. खाता काय?"

उदाराम उठून बसला.

"कोन्त्या पानात किती निकोटिन, कोनालेच मालूम नाई. म्हनून उलटी झाली, छाती धडधडून राहिली. अन् धूर जंगलचा असो का दुकानातला, फुप्फुस खराब करतेच. कॅन्सर होते, मामाजी."

कॅन्सरला तो घाबरला नाही. पण दंडारीचा म्होरक्या दुर्गाप्रसाद म्हणाला, "काका, राक्षस दुसऱ्याले देतो. तुमी यंदा टाळ वाजवा." तेव्हा मात्र त्याचा चेहरा उतरला.

मोनालीनं त्याला दवाखान्यात तपासून आणलं. सुकवलेली पानं त्यानं स्वतः खड्ड्यात पुरली. पुढे कितीतरी दिवस तो सगळ्यांवर खेकसायचा आणि तल्लफ आली की फुटाणे चावायचा. घरात जिकडेतिकडे फुटाण्यांची सालं. पण सकाळचा खोकला हळूहळू कमी झाला आणि दुर्गाप्रसादनं सोंग त्याच्याकडेच ठेवलं.

मंडईच्या दिवशी, भरदुपारी, उदाराम हसला. पूर्वीइतकं लांब नाही. मध्ये दम घ्यायला थांबला, तेवढ्यात डोळे वटारले आणि पुन्हा गडगडला. खोकला आलाच नाही! त्याचं त्यालाच नवल वाटलं, म्हणून तिसऱ्यांदा हसला. समोर राजा झालेला दुर्गाप्रसाद तलवार उगारून ताटकळला होता.

"काका, मरा ना आता! हात दुखून राहिला!"

"थांब ना बे," राक्षस म्हणाला, "अजून दम आहे!"