शिडीच्या खुणेपुढचा आकडा

समजा, तुम्हाला एका उंच स्टुलावर बसवलंय. डावीकडे जुनं पान, उजवीकडे कोरं. जुन्या पानावर चाळीस ओळी. प्रत्येक ओळीत एका माणसाची खूण आणि पुढे आकडा, तो माणूस किती वर्षं जगणार याचा. तुम्ही आकडा उतरवायचा, जुनी ओळ कात्रीने कापायची आणि पायाशी पेटलेल्या शेगडीत टाकायची. मग पुढची ओळ. एका माणसाची दोन नशिबं एकाच वेळी जगात असू नयेत, असा तिथला नियम. त्यामुळे चुकलात तर ताडून बघायला काही उरत नाही. उरते ती फक्त पानाच्या तळाशी लिहिलेली चाळीस आकड्यांची जुनी बेरीज. ती जुळली की सुटलात.

हे काम ती एकतीस वर्षं करत आली. अंकग्रंथाची शाई बारा वर्षांत कागद खाऊन टाकते, म्हणून नकलेला अंत नाही. खुणा आधीच दुसरं कुणी काढून ठेवी. आकडे उतरवताना खुणांचा रकाना लाकडी पट्टीने झाकायचा, दोन्ही पानांवर. आकडा कुणाचा ते कळलं की हात कापतो. दप्तराचे प्रमुख नव्या माणसाला पहिल्या दिवशी एवढंच सांगत, की आकड्याला नाती नसतात, नाती असणाऱ्याने दुसरीकडे काम बघावं.

तिला नातं एकच होतं. धाकटा भाऊ. आई गेल्यावर तिनेच त्याला लहानाचा मोठा केला. तो दुकानांच्या पाट्या रंगवायचा, म्हणजे मनात आलं तर रंगवायचा, नाहीतर दिवसभर शिडीला टेकून लोकांना शहाणपण शिकवायचा. त्याच्या उशाशी, भिंतीवर, जन्मताच मिळालेल्या ग्रंथातल्या खुणेचा मातीचा बिल्ला टांगलेला होता. माशाचा काटा.

सतरा वर्षांपूर्वी एका दुपारी तिची बेरीज सत्तावीसने कमी आली. फरक नवाच्या पटीत आला की एखाद्या आकड्यातल्या अंकांची अदलाबदल झाली, हे त्या दप्तरात शेंबड्या पोरालाही ठाऊक. माणूस मनात ‘त्रेसष्ट’ म्हणतो, त्यात तीन आधी येतो आणि दमलेला हात तोच आधी लिहून बसतो. तिने पान वरून खाली पाहिलं. सत्तावीसचा हिशेब बसेल अशा दोनच ओळी होत्या. एकीत ३६, दुसरीत १४. यातला एक आकडा उलटा पडला होता, त्रेसष्टचं छत्तीस झालं होतं किंवा एकेचाळीसचं चौदा. कुठला, ते शेगडीतल्या राखेला माहीत.

प्रमुखांना सांगावं, तर पान फुटकं, म्हणजे रद्द, ठरणार आणि चाळीसच्या चाळीस माणसं बेअंकी होणार. बेअंकी माणसाला कुणी खोली देत नाही, काम देत नाही, मुलगी तर नाहीच नाही. म्हणून जुन्या लेखनिकांनी गुपचूप एक तोड काढून ठेवली होती. पट्टी जागची हलवायची नाही, डोळे मिटून एका ओळीवर बोट ठेवायचं आणि तो आकडा खरवडून उलटा करायचा. मिटल्या डोळ्यांना पाप लागत नाही, असं ते म्हणत.

तिने डोळे मिटले नाहीत. तिने पट्टी उचलली. १४च्या आधी शिडीची खूण होती, ती कुणाची ते तिला ठाऊक नव्हतं. ३६च्या आधी माशाचा काटा.

भावाला तेव्हा चौतिसावं लागलं होतं.

ती क्षणभरही अडखळली नाही. पुढे तिला सगळ्यात जास्त टोचलं ते हेच. पात्याने छत्तीस खरवडलं, त्रेसष्ट लिहिलं, पट्टी परत ठेवली. बेरीज जुळली. प्रमुखांनी शिक्का मारला आणि तिच्या स्वच्छ हाताचं कौतुक केलं.

भावाचं छत्तिसावं वर्ष तिने श्वास रोखून काढलं. तो हसायचा. “ताई, असं काय बघतेस माझ्याकडे? तुला पोचवल्याशिवाय मी कुठे जात नाही.” आणि खरंच, तो कुठेही गेला नाही.

त्याच वर्षी खालच्या मजल्यावरच्या कुलूपवाल्याची पोर तापाने फणफणली आणि तीन दिवसांत आटोपली. चौदा वर्षांची होती. जिना चढता-उतरता अखंड बडबडायची. तिला नेण्याआधी बापाने तिच्या उशाजवळचा बिल्ला काढून तिच्या मुठीत ठेवला. बिल्ल्यावर शिडी होती.

महिन्याभराने तो वर आला. असं विचारायला बंदी आहे हे त्यालाही माहीत होतं. पहिल्या दिवशी वैद्याला बोलावलं नाही, आपोआप उतरेल म्हणालो, हेच तो दाराच्या चौकटीकडे बघत पुन्हा पुन्हा सांगत राहिला. मग म्हणाला, “बाई, तुम्ही तिथे बसता. माझ्या पोरीपुढे काय लिहिलंय हो?”

“चौदा,” ती म्हणाली.

“मग माझा उशीर नडला नाही म्हणायचा.”

“नाही, दादा. तुमचा नाही.”

तो जिन्यातच बसून पोटभर रडला. भावाने त्याला पाणी नेऊन दिलं आणि खांद्यावर हात ठेवून बराच वेळ त्याच्याशेजारी बसला.

भाऊ आज एक्कावन्न वर्षांचा आहे, ढेरी सुटलीय, तब्येत ठणठणीत. त्याच्या जगण्यावरून तिला काही कळत नाही. त्याचं मूळचंच त्रेसष्ट असेल, तर तिने आपलीच चूक सुधारली आणि पोरीचं चौदाच होतं. मूळचं छत्तीस असेल, तर पुस्तक नशीब नुसतं सांगत नाही, घडवतं. आणि मग ती पोर तिच्याच हाताने गेली. तो त्रेसष्टाव्या वर्षी मेला तरी यातलं काही सिद्ध होणार नाही.

रोज ती ओळी कापते, शेगडीत टाकते. कागद आकसतो, आकडा काळ्यावर काळा असा क्षणभर दिसतो आणि जातो. त्या दुपारीही तसा तो दिसलाच असणार, तिच्याच डोळ्यांना. शिडीपुढे तेव्हा काय होतं, चौदा की एकेचाळीस?