वहिनीच्या दोन नावांची नोंद

पोलीस ठाण्याच्या काउंटरवरची बाई उद्धट नव्हती. उद्धट असती तर माझं काम सोपं झालं असतं. तिने वहिनीचा पासपोर्ट एका हाताला ठेवला, डी.एड.चं प्रमाणपत्र दुसऱ्या हाताला, आणि काचेमागून शांतपणे म्हणाली, "ही दोन वेगळ्या व्यक्तींची कागदपत्रं आहेत."

मी तेव्हा इंग्लंडमध्ये लेस्टरला एम.ए. करत होते आणि जमेल तेव्हा ट्रेनने दादा-वहिनीकडे जात होते. दादा सॉफ्टवेअरमध्ये, वर्क व्हिसावर. वहिनी सांगलीला सहा वर्षं प्राथमिक शिक्षिका होती; इथे आल्यापासून तीन वर्षं घरात. त्या फेब्रुवारीत जवळच्या शाळेने तिला वर्गात मदतनीस म्हणून घ्यायचं कबूल केलं. फक्त पोलिसांची तपासणी बाकी होती.

शाळेच्या फॉर्मवर 'यापूर्वी वापरलेली अन्य नावे' असा रकाना होता. वहिनीने तो कोरा सोडला. तिच्या मते तिने दुसरं नाव वापरलंच नव्हतं. लग्नाआधी एक होतं, लग्नात ते गेलं आणि दुसरं आलं. मग शाळेच्या सेक्रेटरीला प्रमाणपत्रावरचं नाव दिसलं. लग्नानंतर आडनाव बदलतं हे तिला माहीत होतं, तिचंही बदललं होतं. पण पहिलं, मधलं आणि शेवटचं, तिन्ही? दोन्ही नावांवर पोलिसांकडे काही नाही असं लेखी आणा, ती म्हणाली. ईस्टरच्या सुट्टीपर्यंत जागा राखून ठेवू, पुढे नाही.

आपल्याबद्दल पोलिसांकडे काय नोंद आहे हे विचारायचा हक्क तिथे कायद्याने प्रत्येकाला आहे. अर्ज करायचा, ओळख पटवायची, चाळीस दिवसांत उत्तर. मी तो कायदा छापून, खुणा करून सोबत नेला होता. आमच्या घरी रविवारी सगळे मिळून वडिलांच्या समाजसुधारणेच्या पत्रकांच्या घड्या घालत असू. कागद घेतल्याशिवाय भांडायला जायचं नाही, एवढं मी तिथे शिकले होते.

काउंटरवरच्या बाईने वहिनीचं लग्नाआधीचं नाव संगणकात भरलं आणि मी काचेतून पाहिलं, त्याच्या आधी 'एलिअस' असा शब्द होता. आपल्याकडे वर्तमानपत्रात गुंडांच्या नावांमध्ये 'उर्फ' असतं, तसं. मी भडकले. आईबापांनी ठेवलेलं नाव, ज्या नावाने हिने सहा वर्षं हजेरीपटावर सही केली, ते एलिअस कसं होतं, मी विचारलं. जगातल्या निम्म्या बायकांची नावं लग्नात बदलतात, मग तुम्ही अर्ध्या जगाला गुन्हेगारांच्या रकान्यात बसवणार का, तेही विचारलं. बाई म्हणाली, दुसरा रकाना नाही. मी म्हटलं, मग तो करा. मागे सायकल चोरीला गेलेला एक म्हातारा उभा होता. तो खुर्ची शोधून बसला.

"वन्सं," वहिनी हळूच म्हणाली, "तुमची सभा संपली असेल तर मी फॉर्म भरते."

एरवी ती मला नावाने हाक मारते. वन्सं म्हणते ते चिमटा काढायचा असेल तेव्हाच.

बाईने मार्ग सांगितला. दोन्ही नावांनी हिला ओळखणाऱ्या कुणीतरी लिहून सही करायची: नाव कधी बदललं, का बदललं. मी लगेच पेन काढलं. कधी? लग्नाच्या दिवशी. का? मी 'विवाह' लिहिलं.

वहिनीने कागदावर बोट ठेवलं. "नीट लिही. लग्न तर तुझ्या दादाचंही झालं."

त्यांचं लग्न नोंदणी पद्धतीचं होतं. हुंडा नाही, बँड नाही. आलेल्या प्रत्येकाला वडिलांनी साध्या विवाहावरचं पत्रक वाटलं. संध्याकाळी घरी आईने ताटात तांदूळ पसरून आणले. वडील म्हणाले, तेवढी हौस होऊ द्या, कुणाचं काय बिघडतं. दादाने अंगठीने तांदळात नाव लिहिलं. ते नाव मी सुचवलं होतं. मी अठरा वर्षांची होते, वहिनीचं नाव मला जुनाट वाटायचं, आणि आमच्या विचारांच्या घरात शोभेल असं तेजस्वी नाव मी शोधून ठेवलं होतं. तिला कुणी विचारलं नाही. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. आणि ते नाव मी आजवर एकदाही उच्चारलेलं नाही, कारण मी तिला वहिनीच म्हणते.

मी 'विवाह' खोडलं. लिहिलं की नाव सासरच्यांनी बदललं, मी सुचवलं, तिची संमती घेतली नाही. खाली सही केली. माझा राग त्या बाईवरचाच आहे असं समजायला मला आवडलं असतं.

बाईने ते दोनदा वाचलं. मग वहिनीला विचारलं, "उत्तर कुठल्या नावाने पाठवू?"

वहिनीने क्षणाचाही विचार न करता माहेरचं नाव सांगितलं. बाईने लिहून घेतलं, वर कुणाशी तरी फोनवर बोलली आणि परत येऊन म्हणाली, माफ करा, पासपोर्टवरचंच नाव वर लागेल. म्हणजे त्यांनी निदान विचारलं, आणि मग नाही म्हणाले. आम्ही घरच्यांनी तर विचारलंही नव्हतं.

उत्तर अडतिसाव्या दिवशी आलं, सुट्टी लागायच्या आदल्या दिवशी. वर मी सुचवलेलं नाव, खाली एलिअस म्हणून तिचं खरं. दोन्हींवर कसलीही नोंद आढळली नाही. वहिनी ते पाकीट घेऊन चालत शाळेत गेली. छातीवर लावायच्या पट्टीवर काय लिहायचं असं सेक्रेटरीने विचारलं, तेव्हा तिने माहेरचं नाव दिलं. जेवताना दादाने पट्टी पाहिली आणि हे काय, असं विचारलं.

"माझं नाव," ती म्हणाली आणि त्याला भात वाढला.

एलिअस या शब्दाविरुद्ध मी पोलिसांना तक्रार लिहिली. त्यांनी ती पोहोचल्याचं कार्ड पाठवलं. वडिलांनाही सगळं लिहिलं, तांदळासकट, माझ्या सहीसकट. त्यांचं उत्तर चार पानी होतं, चारही पानं इंग्रजांच्या पोलिसांवर. यावर पत्रक काढू, असं शेवटी लिहिलं होतं. तांदळाबद्दल एक ओळ नव्हती.